हा मिर्झा कुठला?

१. मावशीचा प्रश्न

यवतमाळला आमच्या घरी एका रविवारी दुपारी 'शेजारी' लावला होता. व्ही. शांताराम यांचा १९४१ सालचा प्रभातचा चित्रपट. चित्र काळंपांढरं, आवाज थोडा खरखरणारा. मावशी सुरुवातीला गहू निवडत होती, मान खाली घालून. अर्ध्या तासाने तिने सूप बाजूला सारलं. जिवबा पाटील आणि मिर्झा या दोन म्हाताऱ्या मित्रांमध्ये फूट पडायला लागली तशी ती पुढे सरकून बसली. शेवटी धरण फुटतं आणि दोघं एकमेकांचा हात धरून मरतात, तिथे ती रडली. डोळे पुसून झाल्यावर तिने जे विचारलं, त्यातून हे प्रकरण निघालं.

"काय गा, हा मिर्झा खराच मुसलमान हाय काय?"

"नाही. गजानन जागीरदार त्यांचं नाव."

"कुठचा मंग?"

"आपल्या अमरावतीचा."

"काय सांगतं बाप्पा!"

मावशीचे दोन्ही प्रश्न सगळे प्रेक्षक विचारतात, फक्त वेगवेगळ्या शब्दांत. हा माणूस खरंच असा आहे का? आणि जो तसा नाही, तो इतका तसा कसा दिसतो? हिरोबद्दल हे कोणी विचारत नाही. हिरो हिरोच असतो, त्याचं नाव आपल्याला तिकीट काढायच्या आधीपासून ठाऊक असतं. हा प्रश्न पडतो तो बाजूच्या माणसाबद्दल, ज्याला चित्रपटवाले चरित्र अभिनेता म्हणतात.

२. काठ आणि पोत

'चरित्र अभिनेता' या शब्दाने पुष्कळांचा गोंधळ होतो. चरित्र म्हणजे जीवनकथा, तेव्हा थोर पुरुषांच्या भूमिका करणारा तो चरित्र अभिनेता, असा समज आहे. तसं नाही. इथे चरित्र म्हणजे स्वभाव, माणसाचं व्यक्तिमत्त्व. कथेत बाप, सावकार, मास्तर, कारकून, पाटील, मोलकरीण अशी जी माणसं लागतात, त्यांना हाडामांसाची करणारा नट तो चरित्र अभिनेता. 'सहायक अभिनेता' हा पुरस्कारांच्या यादीतला शब्द. तो नटाचं चित्रपटातलं स्थान सांगतो, काम सांगत नाही.

आपला जिल्हा कापसाचा, म्हणून कापडाचंच उदाहरण घेतो. दुकानात लुगडं उलगडलं की डोळा आधी काठावर जातो. रंग काठाचा, जर काठाची, आणि भावही पुष्कळदा काठावरून ठरतो. पण लुगडं नेसल्यावर अंगाला लागतो तो पोत. धुतल्यावर टिकतो किंवा विरतो तोही पोतच. नायक-नायिका म्हणजे काठ. चरित्र अभिनेते पोत. पोत विरळ असेल तर कितीही झगझगीत काठ लावा, दोन धुण्यांत कापड बोलायला लागतं.

नायकाकडून प्रेक्षकाला हवं असतं ते स्वप्न. त्यामुळे नायक प्रत्येक चित्रपटात थोडाफार सारखाच राहिला तरी चालतं, किंबहुना तो तसा राहावा अशीच लोकांची इच्छा असते. चरित्र अभिनेत्याकडून हवी असते ओळख. हा आमच्या गल्लीतला माणूस, हा आमच्या सोसायटीचा सेक्रेटरी, हा तर हुबेहूब आमचा मामा. पडद्यावरच्या गावात राहणारी माणसं खरी वाटली, तरच नायकाचं तिथलं दुःख खरं वाटतं. त्या गावाची वस्ती हा नट उभी करतो, आणि स्वतः त्या वस्तीत मिसळून जातो. मिसळून गेल्यामुळेच त्याचं नाव लोकांना आठवत नाही.

३. अमरावतीचा मुलगा

यवतमाळहून नेरमार्गे अमरावती नव्वदेक किलोमीटर. गजानन जागीरदार यांचा जन्म तिथला, २ एप्रिल १९०७चा. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' आला १९१३ साली. म्हणजे हा मुलगा भारतीय चित्रपटापेक्षा सहा वर्षांनी मोठा. 'आलम आरा'ने १९३१च्या मार्चमध्ये पडद्याला वाचा दिली, तेव्हा त्याची तेविशी संपत आली होती.

या तारखांना अर्थ आहे. मूकपटातल्या नटाला आपलं म्हणणं हातवाऱ्यांनी सांगावं लागे, भुवया आणि ओठ जरा जास्तच हलवावे लागत. रंगभूमीवरच्या नटाला शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवावा लागे. बोलपट आला आणि या दोन्ही सवयी अचानक अडचणीच्या झाल्या. मायक्रोफोन कुजबूज पकडत होता, कॅमेरा पापणी लवलेली दाखवत होता. ज्यांनी ही नवी रीत लवकर ओळखली, त्यांत जागीरदार होते.

प्रभात फिल्म कंपनी १९२९ साली कोल्हापुरात सुरू झाली आणि १९३३ साली पुण्यात आली. तिचे बरेच बोलपट मराठी आणि हिंदी अशा दोन भाषांत निघत. आज एका भाषेत चित्रपट काढून दुसरीत आवाज चढवतात, तसं ते नव्हतं. प्रसंग एकदा मराठीत चित्रित व्हायचा आणि मग पुन्हा हिंदीत. 'शेजारी'चं हिंदी रूप 'पडोसी'. जागीरदार दोन्हींत मिर्झा झाले, पण त्यांचा मित्र मात्र बदलला. मराठीत जिवबा पाटील झाले केशवराव दाते. हिंदीत तीच भूमिका, ठाकूर या नावाने, मजहर खान यांनी केली.

म्हणजे तीच मैत्री आणि तोच दुरावा एका भाषेत एका माणसाशी, दुसऱ्या भाषेत दुसऱ्याशी. समोरचा नट बदलला की त्याची बोलण्याची लय बदलते, बघण्याची तऱ्हा बदलते. मग आपलंही वाक्य पुन्हा नव्याने शोधावं लागतं. पाठ केलेलं काम अशा वेळी उपयोगी पडत नाही. समोरच्याचं ऐकत ऐकत केलेलं काम तेवढं टिकतं.

४. उलटसुलट नावं

'पडोसी'त हिंदू ठाकूर रंगवला मजहर खान यांनी आणि मुसलमान मिर्झा रंगवला गजानन जागीरदारांनी. चित्रपट आला १९४१ साली. आदल्या वर्षी मार्चमध्ये लाहोरला मुस्लिम लीगचा ठराव झाला होता आणि देशात दोन समाजांमधली तेढ दिवसेंदिवस वाढत होती. अशा वेळी पडद्यावरच्या दोन म्हाताऱ्यांची खरी नावं आणि पडद्यावरची नावं अशी उलटसुलट ठेवली गेली. त्यावर कोणी वेगळं भाषण केलं नाही. भूमिका कोणाला दिली, एवढ्यानेच जे सांगायचं ते सांगून झालं. भूमिकावाटपाला अर्थ असतो हे मला आजवर कोणी यापेक्षा चांगलं समजावून दिलेलं नाही.

कथेत गावात धरण बांधायला एक भांडवलदार येतो. दोन मित्र एकत्र असेपर्यंत त्याचं काम होणार नसतं, म्हणून तो त्यांच्यात संशय पेरतो. आपल्याकडच्या वाचकाला हे समजावून सांगायची गरज नाही. प्रकल्पाखाली गेलेली गावं आणि त्या आधी गावात पडलेली भांडणं आपण पाहिलेली आहेत.

एक गोष्ट इथे सांगितल्याशिवाय राहवत नाही. 'शेजारी' लिहिला विश्राम बेडेकर यांनी, 'रणांगण' या कादंबरीचे लेखक. बेडेकरांचा जन्म १३ ऑगस्ट १९०६चा आणि गाव अमरावती. म्हणजे एकाच गावात वर्षभराच्या आत जन्मलेल्या दोन मुलांपैकी एकाने मिर्झा लिहिला आणि दुसऱ्याने तो उभा केला. मावशीला हे सांगितलं तेव्हा ती म्हणाली, "तरीच." मला त्या 'तरीच'चं स्पष्टीकरण देता येणार नाही, पण पटलं.

५. "बसा ना भाऊ"

आता दुसरा प्रश्न. जो तसा नाही, तो तसा कसा दिसतो? याचं उत्तर एका लहान प्रयोगातून बघू.

जूनचा पहिला आठवडा. शेतकरी बियाण्याच्या दुकानात आलाय. मागची उधारी बाकी आहे आणि यंदाची बॅग उधारच हवी आहे. दुकानदाराला एकच वाक्य आहे, "बसा ना भाऊ."

पहिली रीत. दुकानदार वर बघतो, हसतो, म्हणतो, "बसा ना भाऊ." प्रेक्षकाला कळतं की माणूस बरा आहे.

दुसरी रीत. तो वही बघतो आहे. पान उलटतो. वर न बघता म्हणतो, "बसा ना भाऊ." आणि लिहीत राहतो. उधारी किती आहे हे कोणी बोललेलं नाही, पण आपल्याला ती कळली.

तिसरी रीत. तो गडबडीने उठतो, स्वतः पाण्याचा गिलास आणतो, हातात देतो आणि मग म्हणतो, "बसा ना भाऊ." आता पोटात गोळा येतो, कारण इतक्या आदराच्या मागे काहीतरी आहे. कदाचित त्याची नजर शेतावरच असेल.

शब्द तिन्ही वेळा तेच. बदललं ते शब्दाच्या आधीचं आणि नंतरचं. नट मंडळी याला 'दोन ओळींमधलं' म्हणतात. संवाद लेखक देतो, त्या संवादाच्या अवतीभवतीची जागा नटाला भरावी लागते. नायकाला ती भरायला दहा प्रसंग मिळतात, गाणी मिळतात. चरित्र अभिनेत्याला कधी कधी दीड मिनिट मिळतं. दीड मिनिटात त्या दुकानदाराचं वय, त्याची जात, त्याचा धंदा कसा चाललाय आणि रात्री त्याला झोप लागते की नाही, हे सगळं बसवायचं असतं.

हाच नियम मिर्झाला लावा. कच्चा नट मुसलमान म्हातारा करायचा म्हणून आधी दाढी आणि सुरमा शोधतो, मग घशातून 'ख' आणि 'क' काढत बसतो. त्याच्या हाती मुसलमान लागतो, मिर्झा निसटतो. पक्का नट विचारतो, या माणसाला कशाची लाज वाटते? तो कोणाच्या शब्दाने दुखावतो? जन्मभराचा मित्र समोरून न बोलता गेला तर हा हातांचं काय करेल? ही उत्तरं मिळाली की पोशाख आणि भाषा त्यांच्यावर चढवता येते. मावशी रडली ती दाढीसाठी नाही.

६. मुख्य भूमिकेतला बाजूचा माणूस

चरित्र अभिनेता कधी नायक होतो का? होतो, पण आपल्या पद्धतीने. १९४४ साली प्रभातचा 'रामशास्त्री' आला. दिग्दर्शकांमध्येही जागीरदार होते आणि रामशास्त्री प्रभुण्यांची भूमिकाही त्यांचीच. ऑगस्ट १७७३मध्ये शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला आणि न्यायाधीशाने सत्तेवर बसलेल्या राघोबादादालाच दोषी ठरवलं, ही ती कथा. आनंदीबाई झाल्या होत्या ललिता पवार.

जागीरदार तेव्हा सदतीस वर्षांचे. चित्रपटाच्या केंद्रस्थानी असलेली ही भूमिका, पण तिच्यात नायकाचं काहीच नाही. तलवार नाही, प्रेमप्रकरण नाही. एका माणसाने सत्तेपुढे खरं बोलायचं आणि मग पद सोडून चालू लागायचं. पोताचंच लुगडं विणायचं ठरवलं, काठाशिवाय, तर ते किती भारदस्त होतं हे 'रामशास्त्री' बघून कळतं.

पुढे त्यांनी अण्णा भाऊ साठ्यांच्या कादंबरीवरून 'वैजयंता' (१९६१) दिग्दर्शित केला. 'उमाजी नाईक' (१९६०) केला. हिंदीत 'हम दोनो'मध्ये साधनाच्या श्रीमंत बापाचं काम केलं. ही यादी लांबवता येईल, पण तिच्यापेक्षा मला एक पत्ता महत्त्वाचा वाटतो. पुण्यातल्या ज्या आवारात प्रभातचा स्टुडिओ होता, तिथेच केंद्र सरकारने १९६० साली फिल्म इन्स्टिट्यूट उभी केली. तिचे पहिले प्रमुख झाले गजानन जागीरदार. ज्या फ्लोअरवर ते मिर्झा झाले होते, त्याच फ्लोअरवर आता नवी मुलं अभिनय म्हणजे काय ते विचारायला येणार होती. अभिनय कसा करावा यावर त्यांनी मराठीत पुस्तकही लिहिलं. आपली विद्या मुठीत ठेवणारे नट पुष्कळ असतात. हा माणूस ती वाटत राहिला, आणि त्यांच्याबद्दल मला सगळ्यात जास्त आदर वाटतो तो यासाठी.

७. एकदा पाटील, कायमचा पाटील

या धंद्यातलं मोठं दुखणं म्हणजे शिक्का. लग्नात ज्या बाईच्या हातची पुरणपोळी एकदा गाजली, तिला त्यानंतर प्रत्येक लग्नात चुलीपुढेच बसवतात. तिला वरण येतं, भाजी येते, पण विचारतो कोण? चित्रपटात असं झालं की त्याला साचेबंद होणं म्हणतात.

निळू फुले हे त्याचं मराठीतलं ठळक उदाहरण. पुण्याचा राष्ट्र सेवा दलाचा कार्यकर्ता, लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळी म्हणून काम केलेला माणूस. 'कथा अकलेच्या कांद्याची' या लोकनाट्याने नाव झालं आणि अनंत माने यांनी 'एक गाव बारा भानगडी'त (१९६८) झेलेअण्णाची भूमिका दिली. त्यानंतर गावचा पाटील, सरपंच, चेअरमन, जो कोणी माजलेला असेल तो निळूभाऊ. गावोगावच्या बायका त्यांना खरोखर घाबरत. प्रत्यक्षात हा मनुष्य अंधश्रद्धा निर्मूलनाच्या आणि सामाजिक कृतज्ञता निधीच्या कामात रमणारा.

आता नीट बघा. दुष्ट माणूस करायचा म्हटल्यावर बहुतेक नट आवाज चढवतात. निळूभाऊंनी तो उतरवला. ज्याच्या हातात सत्ता आहे त्याला ओरडायची गरज नसते, हे त्यांनी खेड्यात फिरताना पाहिलं असणार. जब्बार पटेल यांचा 'सामना' १९७५ साली बर्लिनच्या महोत्सवात दाखवला गेला. लेखन विजय तेंडुलकरांचं. त्यातले साखर कारखान्याचे हिंदुराव धोंडे पाटील पुन्हा पाहा. समोर श्रीराम लागूंचा फाटका मास्तर, बेपत्ता झालेल्या मारुती कांबळेबद्दल विचारणारा. हिंदुराव त्याला हाकलत नाही, घरी ठेवून घेतो. त्या पाहुणचारात धमकी आहे, एकटेपण आहे, आणि या म्हाताऱ्याने आपल्याला चांगलं म्हणावं ही धडपडही आहे. वर सांगितलेली दुकानदाराची तिसरी रीत ती हीच.

आणि मग १९७९ साली त्याच दिग्दर्शकाने 'सिंहासन'मध्ये त्यांना पत्रकार केलं. दिगू टिपणीस. सगळं बघणारा, सगळं ठाऊक असलेला आणि काही करू न शकणारा. अरुण साधूंच्या दोन कादंबऱ्यांवरचा हा चित्रपट, आणि साधू जन्माने परतवाड्याचे. आपल्या यवतमाळने राज्याला वसंतराव आणि सुधाकरराव असे दोन नाईक मुख्यमंत्री म्हणून दिले आहेत, तेव्हा मंत्रालयातल्या गोष्टी इथल्या पारावर नव्या नाहीत. तरीही 'सिंहासन' बघताना आपण मुख्यमंत्र्याकडे कमी आणि दिगूकडे जास्त बघतो. निळूभाऊ तिथे बहुतेक वेळ नुसते ऐकतात. आज्ञा सोडणाऱ्या पाटलाचा शिक्का बसलेल्या नटाने ऐकणारा माणूस करून दाखवला, आणि शिक्का गळून पडला. पुढे निर्मात्यांनी तो पुन्हा मारला, पण तो दोष निळूभाऊंचा नव्हे.

८. दूरचा एक शेतकरी

चरित्र अभिनेत्यांची ही गोष्ट आपल्यापुरतीच नाही. युरोपात क्रोएशिया नावाचा छोटा देश आहे, पूर्वीच्या युगोस्लाव्हियाचा भाग. तिथल्या स्लाव्होनिया या शेतीच्या मुलखात, लादिमिरेव्त्सी गावात १९३२ साली फाबियान शोवागोविच जन्मले. देशातल्या सगळ्यात आदरणीय चरित्र अभिनेत्यांपैकी एक. दुसऱ्या महायुद्धात आपला मुलगा आणि आपली जमीन वाचवू बघणाऱ्या शेतकऱ्यावर त्यांनी स्वतः नाटक लिहिलं. १९८८ साली त्यावर चित्रपट निघाला आणि तो शेतकरी त्यांनीच केला. शेतकऱ्याची भूमिका बाहेरून कोणी लिहून द्यायची वाट त्यांनी पाहिली नाही.

आपल्याकडे असा शेतकरी पडद्यावर यायला फार वेळ लागला. सतीश मन्वर यांचा 'गाभ्रीचा पाऊस' २००९चा. नावच वऱ्हाडी शिवी. नवरा जीव देईल या भीतीने बायको मुलाला त्याच्या मागावर ठेवते, ही कथा आपल्या जिल्ह्यात कोणाला सांगावी लागत नाही. गिरीश कुलकर्णी आणि सोनाली कुलकर्णी त्यात आहेतच, पण म्हातारी आई झालेल्या ज्योती सुभाष यांच्याकडे बघत राहावं. सगळ्या घराचा श्वास अडकलेला असताना त्या घरातली म्हातारी माणसं जशी वागतात, तशी ती वागते.

९. पुन्हा मावशी

जागीरदार १३ ऑगस्ट १९८८ रोजी गेले. बेडेकरांचा तो वाढदिवस.

त्याच्या सात वर्षं आधी, १९८१ साली, मुझफ्फर अली यांचा 'उमराव जान' आला होता. त्यात कोठ्यावर विकल्या गेलेल्या अमीरनला अक्षरओळख करून देणारे एक मौलवी आहेत. ते मौलवी म्हणजे गजानन जागीरदार. मिर्झा झाले तेव्हा ते तेहतीस-चौतीस वर्षांचे होते आणि खोटं म्हातारपण चढवलं होतं. मौलवी झाले तेव्हा त्यांनी सत्तरी ओलांडली होती आणि म्हातारपण खरं होतं. मधे चाळीस वर्षं, फाळणी, प्रभातचा शेवट, इन्स्टिट्यूट, किती तरी बाप आणि न्यायाधीश.

मी मावशीला तो प्रसंग दाखवला. म्हटलं, ओळख बघू हे कोण. तिने चष्मा पुसला, टीव्हीच्या जवळ गेली, बराच वेळ पाहिलं. मी सांगितलं, हा तोच, आपला मिर्झा.

"नोहे," ती म्हणाली. "तो पाटलाचा दोस्त व्हता. हा त मास्तर हाय."

मी पुन्हा समजावून सांगायला लागलो, तारखा सांगितल्या, अमरावती सांगितलं. तिने हाताने मला गप्प केलं. मौलवी मुलीला शिकवत होते आणि तिला ते ऐकायचं होतं.